नियमन नावाचा संस्कार

अद्भुतकथेतील वस्तू सापडते, मिळते, चोरीला जाते, शापाने हरवते आणि उःशापाने परत येते. परंतु ती कोणाच्या तरी देखरेखीखाली, ठरलेल्या मापात, तपासणीचा शिक्का घेऊन तयार होते असे सहसा घडत नाही. जे. के. रोलिंग यांच्या कादंबरीमालेच्या चौथ्या भागात (२०००) पर्सी नावाचा एक तरुण अधिकारी जादूच्या कढयांच्या तळाची जाडी किती असावी यावर मोठ्या तळमळीने अहवाल लिहीत बसलेला दिसतो. घरातली मंडळी त्याची थट्टा करतात आणि वाचकही हसतो. या हसण्यामागे एक गृहीत आहे: जादू आणि फाईल एका टेबलावर बसू शकत नाहीत. जिथे नियम आला तिथे चमत्कार संपला, आणि चमत्कार उरला असेल तर नियम अजून पोचलेला नाही, असे आपण धरून चालतो. गेली वीस वर्षे रत्नागिरीत पदव्युत्तर वर्गाला मराठी अद्भुताची परंपरा शिकवताना या गृहीताविषयीची माझी शंका वाढत गेली आहे. त्या शंकेचे काही धागे येथे मांडत आहे.

वास्तविक हे गृहीत मराठी भाषेलाच मान्य नाही. मंत्र या एकाच शब्दापासून आपल्याकडे मांत्रिकही झाला आणि मंत्रीही. मंत्र म्हणजे मनन, मसलत, गुप्त खलबत. आणि मंत्र म्हणजे उच्चारताच काम करणारी अक्षरे. मुंबईतील सचिवालयाचे १९७५ मध्ये ‘मंत्रालय’ असे नामकरण झाले, तेव्हा हा दुसरा अर्थ कोणाच्या मनात नसणार. तरीही रोलिंगच्या कादंबऱ्यांतील जादूचे खाते मराठीत आणायचे म्हटले तर ‘मंत्रालय’ याहून चपखल शब्द सापडणे कठीण. ज्या श्लेषासाठी इंग्रजी लेखिकेला दोन शब्द जोडावे लागतात, तो आपल्या शासनाच्या पाटीवर आयताच लिहिलेला आहे.

मग मराठी अद्भुतात ही कचेरी का नाही? की ती आहे, पण आपल्याला ओळखू येत नाही? मालूकवीचा ‘नवनाथ भक्तिसार’ (१८१९) घ्या. आजही घरोघरी त्याची पारायणे होतात आणि समीक्षेने मात्र त्याच्याकडे फारसे पाहिलेले नाही. मच्छिंद्राला शाबरी विद्या हवी आहे. सप्तशृंगीची देवी त्याला ती परस्पर देत नाही. मार्तंड पर्वतावरच्या नागअश्वत्थाकडे नेते. तिथल्या दैवतांनी एकेक करून वचन दिल्यावर मगच विद्या कामाला लागते. म्हणजे मंत्राचे सामर्थ्य मंत्रात नाही. ते या वचनपत्रात आहे. पुढे साऱ्या ग्रंथभर नाथांच्या हाती भस्माची चिमूट दिसते, ती या कराराची मुद्रा होय. इथे खाते नाही, कारकून नाही. पण परवाना आहे, परवाना देणारा आहे आणि परवान्याच्या अटीही आहेत. आपल्या परंपरेत या व्यवस्थेला ‘अधिकार’ असे नाव आहे. अधिकार हा शब्द आज आपण हक्क या अर्थाने वापरतो. जुन्या वापरात त्याचा अर्थ पात्रता असा होता, हे विसरता कामा नये.

वारकरी परंपरेने याच प्रश्नाचे वेगळे उत्तर दिले. परिसा भागवताची कथा सर्वपरिचित आहे. रुक्मिणीने दिलेला परीस त्याच्या पत्नीकडून नामदेवाच्या पत्नीकडे येतो आणि नामदेव तो चंद्रभागेत भिरकावतो. परिसा संतापून येतो, तेव्हा नामदेव वाळवंटातून ओंजळभर खडे काढून देतो आणि ते सगळेच परीस निघतात. कीर्तनकार या कथेतून वैराग्य सांगतात. मला त्यात अर्थव्यवहार दिसतो: दुर्मिळतेवर उभी असलेली वस्तू नामदेव एका क्षणात विपुल करतो आणि तिची किंमत काढून घेतो. परवाना नाकारण्याचा हाही एक मार्ग आहे. रोलिंगच्या पहिल्या कादंबरीच्या मराठी अनुवादाच्या शीर्षकात हा आपला ‘परीस’च आला, तेव्हा वर्गात मला चंद्रभागेची आठवण काढल्याशिवाय राहवले नाही. मुलांना ती नवी होती.

परंतु परीस सापडतो. तो कोणी करीत नाही. करण्याचा विचार ज्या शास्त्राने केला ते रसशास्त्र. ‘रस’ या शब्दाची एक गंमत ग्रंथालयात अनुभवास येते. पुण्याच्या आनंदाश्रमाने १८९० मध्ये छापलेला ‘रसरत्नसमुच्चय’ मला पहिल्यांदा भेटला तो काव्यशास्त्राच्या कपाटात, जगन्नाथपंडिताच्या ‘रसगंगाधरा’शेजारी. तो तिथे का, हे उघड आहे. ‘रस’ वाचून कोणीतरी लावून दिला असणार. मी तो तिथून हलवू दिला नाही. एका ग्रंथातला रस पारा आहे, दुसऱ्यातला आस्वाद. पण दोन्हीकडे प्रश्न एकच आहे. जे स्वभावतः चंचल आहे ते स्थिर कसे करावे, आणि स्थिर केल्यावर त्याचे सामर्थ्य कसे राखावे?

रसरत्नसमुच्चयातील रसशाळेचे वर्णन साहित्याच्या अभ्यासकाने मुद्दाम वाचावे. जागा निर्भय हवी, औषधींनी समृद्ध हवी, विहीर जवळ हवी. मग दिशांची वाटणी येते: पूर्वेला रसभैरवाची स्थापना, आग्नेयेला भट्ट्या, दक्षिणेला खलबत्ते व दगडी काम, नैर्ऋत्येला शस्त्रकर्म, पश्चिमेला धुणे, वायव्येला वाळवणे, उत्तरेला वेधकर्म, आणि ईशान्येला तयार झालेल्या वस्तूंची साठवण. अर्धे वर्णन देवघराचे आहे आणि अर्धे कारखान्याचे, आणि ग्रंथकाराला या दोहोंत कसलाही विरोध जाणवत नाही. त्याआधी गुरूची लक्षणे, शिष्याची लक्षणे, कोणाला शिकवू नये याची यादी. विशिष्ट लक्षणांनी युक्त अशी एक तरुण स्त्रीही सांगितली आहे. ती काम करण्यासाठी नाही. तिचे असणे हाच क्रियेचा भाग. मला हे वर्णन वाचताना दरवेळी थांबावे लागते. या शाळेत शिष्य होण्याचा अधिकार मला मिळाला नसता. सामग्रीत मात्र जागा झाली असती. नियमन कोणाचे आणि कोणासाठी, हा प्रश्न आपण फूकोकडून शिकलो असे मानतो; तो त्या दिशांच्या नकाशातही लिहिलेला आहे.

पाऱ्यावर अठरा संस्कार करावेत असे हे शास्त्र सांगते. स्वेदन, मर्दन, मूर्च्छन, उत्थापन, पातन, रोधन. आणि सातव्याचे नाव आहे ‘नियमन’. आधीच्या संस्कारांनी पाऱ्याला बळ येते, आणि बळ आले की चांचल्यही वाढते; ते आवरण्यासाठी नियमन. त्यानंतर लगेच आठवा संस्कार दीपन, म्हणजे भूक चेतवणे. हा क्रम मला फार महत्त्वाचा वाटतो. इथे नियमन हे चमत्काराच्या बाहेरून येऊन त्याला जखडणारे बंधन नाही. ते चमत्काराच्या घडणीतलीच एक पायरी आहे. नियमन झाल्याखेरीज पाऱ्याला भूकच लागत नाही. औषधासाठी पहिले आठ संस्कार पुरेसे मानले जातात. धातूचे सोने करणे आणि देह अजर करणे ही पुढच्या दहांची कामे. म्हणजे वैद्यक आणि किमया यांच्यामधली सीमारेषाही या शास्त्राने स्वतःच आखून ठेवली होती, आणि ती नियमनाच्या अलीकडे नाही, पलीकडे आहे.

राज्यसंस्थेची दृष्टी याहून निराळी. कौटिलीय अर्थशास्त्रात सुवर्णाध्यक्षाने अक्षशाळा कशी बांधावी ते सांगितले आहे: कामाच्या खोल्या एकमेकींशी न जोडलेल्या, आणि दार एकच. त्याच अध्यायात सोन्याचे प्रकार मोजताना नैसर्गिक सोने आणि खाणीतले सोने यांच्या जोडीने ‘रसविद्ध’, म्हणजे पाऱ्याच्या वेधाने झालेले सोने, हाही एक प्रकार निर्विकारपणे नोंदवला आहे. ते खरोखर होते का, हा प्रश्न कौटिल्य विचारत नाही. ते कोणत्या रकान्यात घालायचे एवढेच त्याला ठरवायचे आहे. किमयेच्या सोन्यासाठी सरकारी रकाना! पर्सीच्या अहवालाला हसणाऱ्या वाचकाने हे पान जरूर पाहावे. अर्थशास्त्राची चिकित्सक आवृत्ती सिद्ध करणारे र. पं. कंगले आणि ‘रस-भाव-विचार’ मराठीत आणणारे र. पं. कंगले एकच, त्याचप्रमाणे धर्मशास्त्राचा इतिहास लिहिणारे आणि संस्कृत काव्यशास्त्राचा इतिहास लिहिणारे म. म. पां. वा. काणे हेही एकच, आणि ते तर आमच्या चिपळूणकडचे. कायदा आणि रस एकाच टेबलावर ठेवणारी माणसे आपल्याकडे होती. आज त्यांचे वाचक मात्र दोन वेगळ्या विभागांत बसतात.

स्वतंत्र भारताच्या कायद्याकडे आता वळू, कारण या विषयातील खरी कचेरी तिथेच उघडली. १९५४ च्या ‘औषधे व जादूचे उपाय (आक्षेपार्ह जाहिराती)’ अधिनियमाने ‘जादूचा उपाय’ या संज्ञेची व्याख्या केली. तावीज, मंत्र, कवच आणि चमत्कारी शक्ती असल्याचे सांगितले जाणारे कोणतेही साधन तिच्यात येते. वाचकाने इथे एक शब्द नीट पाहावा: शक्ती ‘असलेले’ नव्हे, असल्याचे ‘सांगितले जाणारे’. कायद्याला वस्तूशी कर्तव्य नाही, कथनाशी आहे. त्याने तावीज करण्यावर बंदी घातली नाही, बांधण्यावरही नाही. बंदी घातली ती विशिष्ट व्याधींच्या संदर्भात त्याची जाहिरात करण्यावर. आणि जाहिरात म्हणजे काय? सूचनापत्र, वेष्टन, तोंडी घोषणा, इतकेच काय, प्रकाश, ध्वनी किंवा धूर यांच्या साहाय्याने केलेली घोषणाही. जादूविषयीच्या कायद्यात धुराचा उल्लेख यावा, याला मी तरी कवित्वच म्हणेन. हा अधिनियम १ एप्रिल १९५५ रोजी अंमलात आला. त्याच वर्षी जे. एल. ऑस्टिन हार्वर्डमध्ये शब्दांनी कृती कशा होतात यावर व्याख्याने देत होता. मंत्र ही उक्तीरूप कृतीच असते, आणि तिच्यावर नियंत्रण ठेवायचे तर दुसऱ्या उक्तीवर, म्हणजे दाव्यावर, हात ठेवावा लागतो, हे आपल्या विधिमंडळाला ऑस्टिन न वाचता कळले होते. डिसेंबर १९५९ मध्ये हमदर्द दवाखान्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशी व्यापारी जाहिरात म्हणजे भाषणस्वातंत्र्याचा गाभा नव्हे असे म्हटले, आणि अधिनियमाचा काही भाग मात्र घटनाबाह्य ठरवला.

दुसरा कायदा त्याहून अधिक आपल्या विषयातला आहे. औषधे व सौंदर्यप्रसाधने अधिनियम १९४० चा. त्यात १९६४ च्या दुरुस्तीने आयुर्वेद, सिद्ध व युनानी औषधांचे प्रकरण आले. आयुर्वेदीय औषध कोणते? पहिल्या अनुसूचीत दिलेल्या प्रमाणग्रंथांतील पाठानुसार जे तयार होते ते. चरक, सुश्रुत, शार्ङ्गधर, आपला रसरत्नसमुच्चय, आणि अशी पन्नासाहून अधिक ग्रंथनामे संसदेच्या कायद्याला जोडलेली आहेत. त्यांत ‘आर्यभिषक’ही आहे, १९०७ मध्ये नाशिकला आयुर्वेद संमेलन भरवणाऱ्या शंकर दाजीशास्त्री पदे यांचा. ज्याला आपण साहित्यात प्रमाणग्रंथांची मालिका म्हणतो, जिच्यावर आपले चर्चासत्रांमागून चर्चासत्र झडते, ती इथे कायद्याने सिद्ध झालेली आहे, आणि तिच्यात नाव असणे वा नसणे यावर कारखान्याचा परवाना अवलंबून आहे. एखाद्या कवीचा अभ्यासक्रमातील समावेश इतका परिणामकारक कधीच ठरला नसेल.

आता भस्म पाहा. नाथांच्या चिमटीतले भस्म व्याधी बरी करते असे कोणी जाहीर केले तर तो जादूचा उपाय, आणि १९५४ चा कायदा. लोह, ताम्र वा पारद यांचे भस्म अनुसूचीतल्या ग्रंथातील पाठाने केले तर ते औषध, आणि १९४० चा कायदा. दोन्ही राखाडी, दोन्ही चिमटीने द्यायची. फरक आहे तो संहितेचा. रसशास्त्राने भस्माच्या परीक्षाही सांगितल्या आहेत: पाण्यावर तरंगावे, ते वारितर, बोटांवर चोळता रेषांत भरून जावे, ते रेखापूर्ण, पुन्हा तापवूनही मूळ धातूत परतू नये, ते अपुनर्भव. या परीक्षा सुंदर आहेत, आणि त्यांची मर्यादाही सांगितली पाहिजे. २००४ मध्ये अमेरिकन वैद्यकीय नियतकालिकात बोस्टन परिसरातील दुकानांतून घेतलेल्या ७० आयुर्वेदीय उत्पादनांची तपासणी प्रसिद्ध झाली. १४ उत्पादनांत शिसे, पारा किंवा आर्सेनिक आढळले. बोटाच्या रेषेला हे कळत नाही. परंपरेचा अभिमान बाळगणाऱ्यांनी हा आकडा टाळू नये, आणि त्यावरून सगळी रसशाळा मोडीत काढणाऱ्यांनी सातवा संस्कार वाचावा.

एक विरोध मात्र मिटणारा नाही. रसशास्त्र बजावते की ही विद्या गुप्त ठेवल्याने वीर्यवती राहते आणि प्रकट केल्याने निर्वीर्य होते. आजचा नियम सांगतो की वेष्टनावर सर्व घटक प्रमाणासह छापलेच पाहिजेत, आणि हिंगूळ, हरताळ, मनःशिला असे विषारी द्रव्य असेल तर वैद्यकीय देखरेखीची सूचनाही. एका नियमनाचा प्राण गोपन आहे, दुसऱ्याचा प्रकाशन. माझी सहानुभूती नागरिक म्हणून दुसऱ्याकडे आहे. साहित्याची अभ्यासक म्हणून मी तितक्या खात्रीने बोलू शकत नाही, आणि का, ते पुढे येईल.

त्याआधी मराठी कादंबरीकडे एक दृष्टिक्षेप. हळब्यांची ‘मुक्तामाला’ (१८६१) आणि रिसबुडांची ‘मंजुघोषा’ (१८६८) या अद्भुतरम्य कादंबऱ्यांना आपल्या वाङ्मयेतिहासात एक परिच्छेद मिळतो, तोही सुटकेच्या सुरात: हे संपले आणि हरिभाऊ आले. ‘मंजुघोषे’च्या प्रस्तावनेत नारो सदाशिव रिसबुडांनी म्हटले आहे की आपल्या लोकांच्या रोजच्या जगण्यात चित्त वेधून घेण्याजोगे काही नसल्याने अद्भुताचा आश्रय करणे भाग पडते. ही प्रस्तावना मला एखाद्या अर्जासारखी वाटते. अद्भुत निर्माण करण्याची परवानगी लेखक मागतो आहे, कारणे देतो आहे. अर्ज कोणाकडे? चारच वर्षांनी, १८७२ मध्ये, काशीनाथ बाळकृष्ण मराठ्यांचा ‘नावल व नाटक ह्यांविषयी निबंध’ आला, आणि कादंबरी-नाटकांच्या तपासणीचे खाते जणू रीतसर सुरू झाले. मराठी अद्भुतकथेत कचेरी नाही, कारण ती कथेबाहेर बसली आहे. तिचे नाव समीक्षा. काय संभाव्य, काय असंभाव्य. कोणते अद्भुत प्रतीक म्हणून चालेल आणि कोणते बालबोध म्हणून परत पाठवावे, हे शिक्के आपणच मारीत आलो. नाथमाधवांच्या ‘वीरधवल’ला वाचक मिळाले, परवाना मिळाला नाही. या शिक्क्यांचे निकष मात्र आपण कोणत्याही अनुसूचीत जाहीर केलेले नाहीत. या बाबतीत आपली समीक्षा १९४० च्या कायद्यापेक्षा रसशाळेच्या अधिक जवळची आहे.

मागील काही वर्षांत हा सारा विचार माझ्यासाठी पुस्तकी राहिला नाही. माझ्या एका विद्यार्थिनीने राजापूर-लांजा भागातील विंचू उतरवण्याच्या मंत्रांचा विषय पदव्युत्तर प्रबंधिकेसाठी घेतला. कोकणात विंचू हा अलंकार नाही. महाडला डॉ. हिंमतराव बावस्करांनी प्राझोसिन हे औषध लाल विंचवाच्या दंशावर वापरायला सुरुवात करून ‘लॅन्सेट’मधून त्याचे निष्कर्ष मांडले, त्याआधी या दंशाने मुले हकनाक जात. मंत्राने वेदना उतरल्याच्या कथा जिथे सांगतात, त्याच अंगणात न उतरल्याच्याही आठवणी असतात. त्या कुजबुजत सांगतात. २०१३ च्या महाराष्ट्राच्या जादूटोणाविरोधी अधिनियमाने, जो डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या हत्येनंतर आधी अध्यादेश म्हणून आला, साप-विंचू चावलेल्याला उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र करणे हा गुन्हा ठरवला आणि दक्षता अधिकारी नेमण्याची तरतूद केली. यातील एकही शब्द कमी करावा असे मला वाटत नाही.

विद्यार्थिनीला जे सापडले ते या कायद्याच्या विरोधात जाणारे नव्हते. मंत्र जाणणारे जे वृद्ध तिला भेटले, त्यांनी मंत्राआधी अटी सांगितल्या. मंत्र ग्रहणात, पाण्यात उभे राहून घ्यायचा. दर ग्रहणाला पुन्हा जागवायचा. अमुक भाजी आयुष्यभर वर्ज्य. बोलावणे आले की पानावरून उठायचे, नाही म्हणायचे नाही. आणि पैसा घ्यायचा नाही. “बाय, पैसं घेतलं की मंत्र मेला,” असे त्यांतले एक म्हणाले. हेच गृहस्थ गेली कित्येक वर्षे मंत्र म्हणून झाला की माणसाला तिथेच न बसवता रुग्णालयाच्या रस्त्याला लावतात, प्रसंगी स्वतः एस.टी.त बसून सोबत जातात. याचा मंत्राशी विरोध येत नाही का, असे तिने विचारले. त्यांना प्रश्नच कळला नाही. त्यांच्या अटींत रोगी बरा होणे ही गोष्ट होती. तो कोणाच्या हातून बरा होतो ही नव्हती.

अटी सर्वांनी लिहू दिल्या. मंत्र एकानेही लिहू दिला नाही. दोघांनी तो तिला ऐकवला, न लिहिण्याच्या बोलीवर. इकडे विद्यापीठीय संशोधनाची शिस्त अशी की विवेचन ज्या संहितेवर आधारलेले आहे ती परिशिष्टात संपूर्ण दिली पाहिजे. शिस्त योग्यच आहे. पडताळणीखेरीज संशोधन कसले? सहकाऱ्यांनी मार्ग सुचवले: आधी छापलेल्या एखाद्या संग्रहातून मिळताजुळता मंत्र द्यावा, किंवा नाव वगळून द्यावा, म्हणजे कोणाला कळणार नाही. ती कशालाच तयार झाली नाही. “मॅडम, त्यांना कळणार नाही, पण मंत्राला कळेल,” असे ती हसत म्हणाली, आणि त्या हसण्यात विनोद किती होता हे मी अजून ठरवू शकलेले नाही. मार्गदर्शक म्हणून सही मला करायची होती. मी सही केली. परिशिष्टात अटी क्रमवार आहेत, गावांची नावे नाहीत, आणि मंत्राच्या जागी दोन कोरी पाने आहेत, पृष्ठक्रमांकासह. बहिःस्थ परीक्षकांनी मौखिकीत ती पाने उलटून पाहिली, छपाईत काही राहिले आहे का असे विचारले, उत्तर ऐकले, आणि पुढचा प्रश्न वर्ज्य भाज्यांच्या यादीवर केला.